गावचं मैदान सगळ्यांचं करायचं तर

फुटबॉलचं प्रेम गोव्याला कुणी शिकवायला नको. 1883 च्या सुमारास शिवोलीत फादर विल्यम रॉबर्ट लायन्स यांनी हा खेळ आणला असं सांगतात. 2012 मध्ये सरकारने फुटबॉलला राज्याचा खेळ म्हणून जाहीर केलं. धेंपो क्लबाने पाच वेळा देशाची लीग जिंकली आणि त्या वर्षांतले ढिगाने गोल रँटी मार्टिन्स या नायजेरियन खेळाडूचे होते. चर्चिल ब्रदर्सकडे ओडाफा ओकोली होता, तोही नायजेरियाचा. फातोर्ड्याच्या स्टेडियमवर त्यांच्या नावाने घसा बसेपर्यंत ओरडलेली माणसं आजही अभिमानाने त्या आठवणी सांगतात. त्याच गोव्यात 2013 च्या ऑक्टोबरात पर्रा इथे एका नायजेरियन माणसाचा खून झाला, त्याच्या देशबांधवांनी पर्वरीला महामार्ग अडवला, आणि मग नायजेरियन लोक नकोत असे फलक लागले, पुढाऱ्यांच्या तोंडी नको ती भाषा आली. गोल मारला की आपला, खोली मागितली की परका.

हे मोठ्या क्लबांचं झालं. गावच्या मैदानावर तीच गोष्ट लहान आकारात रोज घडते. कुंडई, मडकई, बेतोडा, पिसुर्ले, तुये या औद्योगिक वसाहतींभोवती भाड्याच्या खोल्यांत राहणाऱ्या कामगारांची मुलं, बांधकामावरच्या बिऱ्हाडांतली मुलं, सत्तरीच्या धनगरवाड्यांवरची, केपे-सांगे-काणकोणच्या गावडा, कुणबी, वेळीप घरांतली, हॉटेलात काम करायला ईशान्येकडून आलेली तरुण पोरं, आणि जवळजवळ सगळीकडे मुली. यांना मैदान बंद आहे असं कुठेही लिहिलेलं नसतं. तरी ती आत नसतात.

आपण मराठी बोलणाऱ्यांनी हे जरा जास्त समजून घ्यायला हवं. सावंतवाडी-दोडामार्गहून कामाला उतरलेल्या माणसाला इथे ‘घाटी’ ऐकावं लागलेलं आहे, आणि तोच माणूस चार वर्षांनी विजापूरहून आलेल्याला तेच म्हणतो, हेही आपण पाहिलेलं आहे.

‘एकता चषक’ भरवून यातलं काही बदलत नाही. मुलगा मैदानावर टिकतो की नाही हे ठरतं सरावाच्या वेळेवर, वर्गणीवर, बुटांवर, एका कागदावर, आणि पहिली शिवी पडल्यावर मोठी माणसं काय करतात त्यावर. खालची पद्धत त्या क्रमाने आहे. फुटबॉल धरून लिहिलं असलं तरी क्रिकेट, कबड्डी, खो-खो, कशालाही लागू पडेल.

आधी आठवडाभर नुसतं बघा

वही घेऊन संध्याकाळी मैदानाच्या कडेला बसा आणि तीन रकाने आखा. कोण खेळतंय, कोण कठड्यावर बसून बघतंय, आणि बाहेर गेलेला चेंडू कोण आणून देतंय. तिसरा रकाना नीट भरा. चेंडू आणून देणारी पोरं रोज येतात, वेळेवर येतात, खेळणाऱ्या सगळ्यांची नावं त्यांना पाठ असतात. त्यांची नावं मात्र खेळणाऱ्यांपैकी एकालाही सांगता येत नाहीत. तुमची पुढची तुकडी तिथे उभी आहे.

मग घरी जा. एकट्याने जाऊ नका, आणि छापील फॉर्म तर अजिबात नेऊ नका. फॉर्म दिसला की भाड्याने राहणाऱ्या माणसाला पोलिसांची किंवा पंचायतीची चौकशी वाटते. गावच्या सरकारी प्राथमिक शाळेतल्या बाईंना बरोबर घ्या. मराठी-कोंकणी माध्यमाच्या बऱ्याच सरकारी शाळांत आज परप्रांतीय कामगारांची मुलं मोठ्या संख्येने आहेत, आणि त्यातलं कुठलं पोर कुठल्या खोलीत राहतं हे बाईंना आणि अंगणवाडीच्या ताईंना जितकं ठाऊक असतं तितकं पंचायतीलाही नसतं. घरी तीनच गोष्टी विचारा: मूल कधी मोकळं असतं, धाकट्या भावंडाला कोण सांभाळतं, आणि मैदानावर कधी कुणी काही बोललं का. तिसऱ्याचं उत्तर पहिल्या भेटीत मिळणार नाही. पुन्हा जावं लागतं.

याच आठवड्यात गावच्या आंतरवाडा स्पर्धेकडेही बघून घ्या. आपल्याकडे वाडा म्हणजे बरेचदा जातच असते. वाड्यावाड्यांचे संघ केले की जातीजातींचे संघ होतात, आणि भाड्याच्या खोल्यांना वाडाच नसल्यामुळे त्यांचा संघही नसतो. ही स्पर्धा बंद करा असं मी म्हणत नाही, तिच्यात गावाचा जीव असतो. पण चौदा वर्षांखालच्यांसाठी तरी चिठ्ठ्या टाकून संघ पाडा. सुरुवातीला आईबाप कुरकुर करतात. दुसऱ्या सामन्यापर्यंत आपलं पोर कुणाच्या पासवर गोल मारतंय एवढंच बघायला लागतात.

जागा कुणाची ते कागदावर बघा

मैदान कोमुनिदादचं (गावच्या सामाईक जमिनी सांभाळणाऱ्या जुन्या संस्थेचं) आहे, पंचायतीचं, देवस्थानचं, चर्चचं, शाळेचं, की एखाद्या भाटकाराने, म्हणजे जमीनदाराने, तोंडी दिलेलं? भात कापल्यावरच्या शेतात खेळत असाल तर पुढे वायंगण, म्हणजे उन्हाळी भात, लावणार की नाही हे शेतकऱ्याला आधीच विचारून ठेवा. मालक कुणीही असो, परवानगीच्या पत्रात ‘भाडेकरूंसह गावात राहणाऱ्या सर्व मुलामुलींसाठी’ एवढी ओळ घालून घ्या. ही ओळ तेव्हा कुणाला खुपत नाही. दोन वर्षांनी कुणीतरी ‘ही बाहेरची पोरं आपल्या जागेत कशाला?’ असं विचारतं, तेव्हा वाद न घालता ते पत्र पुढे करता येतं.

देवस्थानच्या किंवा चर्चच्या जागेत आणखी एक बघा: मैदानात जायची वाट आवारातून आहे की बाजूने. दुसऱ्या धर्माचं, दुसऱ्या जातीचं मूल आवारातून जायला बिचकतं आणि तसं कधी बोलून दाखवत नाही. कुंपणाला बाजूने एक फाटक करून घेतलं तर खर्च थोडा येतो आणि प्रश्न मिटतो.

समितीत खुर्ची नको, काम द्या

संस्था नोंदवायची तर 1860 च्या सोसायटी नोंदणी कायद्याखाली किमान सात माणसं लागतात. सात सह्या झाल्या की आपल्याकडे समितीचं काम संपतं आणि सातही माणसं एकाच ओळीतल्या घरांतली निघतात. भाड्याच्या खोल्यांतून एक पालक घ्या, एखादी आई मिळाली तर उत्तमच. पण ‘सल्लागार’ करून बसवू नका. चावी द्या. बुटांच्या पेटीची, पाण्याच्या टाकीची, साहित्याच्या खोलीची. ज्याच्याकडे चावी असते त्याच्याशी सगळ्यांना रोज बोलावंच लागतं.

बैठकीची वेळही बघा. कारखान्याच्या पाळीतला बाप संध्याकाळी सातला येऊ शकत नसेल तर बैठक रविवारी अकराला घ्या, म्हणजे चर्चमधली मिस्सही आटोपलेली असते.

वेळ, वर्गणी, बूट, बस

खरी गळती इथे होते, म्हणून इथे घाई करू नका.

वर्गणी ठेवा, फुकट करू नका. फुकटच्या रांगेत उभं राहायला कुणालाच आवडत नाही. पण महिन्याची एकच रक्कम न ठेवता तीन पायऱ्या ठेवा आणि कुठली परवडते ते पालकाने खजिनदाराला एकट्याला सांगायचं. कोण किती देतो ते यादीत नको, व्हॉट्सअॅप गटात तर मुळीच नको. ‘अमुक अमुकची फी बाकी आहे’ हा संदेश गटात पडला की ते मूल दुसऱ्या दिवशी येत नाही, आणि आपण म्हणतो, ‘या लोकांना खेळाची आवडच नाही.’

बुटांचंही तसंच. आमची लाल माती आणि तिच्यातून डोकं काढणारे चिऱ्याचे दगड, यावर अनवाणी खेळणं म्हणजे आठवड्याला एक नख. लहान झालेले बूट गावात घरोघरी पडलेले असतात. ते गोळा करा, धुवा, आतून नंबर लिहा आणि एका पेटीत ठेवा. नियम एकच: पेटीतून सगळे घेणार, अध्यक्षांचा मुलगासुद्धा. आणि हो, आमदाराच्या हस्ते बूटवाटप करून फोटो काढू नका. त्या फोटोतलं पोर पुढची दोन वर्षं वर्गात ‘बूट मिळालेला’ म्हणून ओळखलं जातं.

आतल्या गावांत प्रश्न बसचा असतो. शेवटची कदंबा, म्हणजे सरकारी बस, सहाला असेल आणि सराव साडेसहाला संपत असेल, तर धनगरवाड्यावरचं मूल कितीही गुणी असलं तरी तुमचं नाही. सराव अर्धा तास अलीकडे आणा. ते जमत नसेल तर आठवड्यातून एक दिवस प्रशिक्षकानेच त्या वाड्यावर जावं, तिथल्या माळावर सरावाचे प्लॅस्टिकचे कोन मांडावेत. तिथली चार पोरं इकडे येण्यापेक्षा इकडची चार पोरं एकदा तिकडे गेली तर फरक जास्त पडतो. घाम गाळत चढ चढून गेल्यावर ‘ते लोक लांब राहतात’ म्हणजे किती लांब, हे कळतं.

निवड चाचणीची तारीख ठरवताना पंचांगाबरोबर इतर कॅलेंडरंही बघा. चतुर्थीत आपण सराव ठेवत नाही, ते कुणाला सांगावं लागत नाही. मग उगादीला कानडी मुलं, छठला बिहारची, ईदेला मुसलमान, नाताळात ख्रिश्चन, यांच्यासाठी वेगळं कशाला सांगावं लागतं? मे महिन्यात परप्रांतीय कुटुंबं गावी जातात. मे अखेरीस संघ निवडून टाकला की ती मुलं जूनमध्ये परत येतात तेव्हा जागा भरलेल्या असतात.

सरावानंतर खायला केळी आणि उकडलेले चणे. सगळ्यांना चालतं, चर्चा नको.

जन्माचा दाखला

गोवा फुटबॉल असोसिएशनच्या वयोगट स्पर्धांत उतरायचं तर खेळाडूची नोंद अखिल भारतीय महासंघाच्या संगणकीय यंत्रणेत लागते आणि तिथे वयाचा पुरावा मागतात. सराव वर्षभर केला, बूट मिळाले, मित्र झाले, आणि जर्सी वाटायच्या आठवड्यात ‘तुझे कागद नाहीत’ असं सांगितलं, यासारखा अपमान नाही. म्हणून कागदांचं काम पहिल्या महिन्यात सुरू करा.

असं करा. एका रविवारी मैदानावर टेबल टाका आणि पालकांना घरात असतील तेवढे सगळे कागद घेऊन बोलवा. बहुतेक घरांत ते एका प्लॅस्टिकच्या पिशवीत असतात: रेशनकार्ड, लसीचं कार्ड, आधार, कुठल्यातरी दवाखान्याची चिठ्ठी. उत्तर कर्नाटकातून आलेल्या एका आईने आमच्या टेबलावर अशी पिशवी उलटी केली आणि म्हणाली, ‘काय पाहिजे ते तुमीच काढा, दादा.’ शाळेच्या बाई तिच्याजवळ खुर्ची ओढून बसल्या. ‘अक्का, बाळ कुठल्या दवाखान्यात झालं?’ तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात. पिशवीत तायी कार्ड होतं, कर्नाटकात गरोदरपणात देतात ते. त्यावर प्रसूतीची तारीख आणि दवाखान्याचं नाव. तेवढ्यावरून पुढचा माग लागला. बाळंतपण दवाखान्यात झालं असेल तर नोंद बहुतेक असतेच, फक्त दाखला कुणी उचललेला नसतो. कर्नाटकातल्या नोंदींसाठी ‘ई-जन्म’ ही यंत्रणा आहे. गोव्यात जन्मलेल्यांसाठी त्या भागातली पंचायत किंवा पालिका.

नोंदच झालेली नसेल तर 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात उशिरा नोंदणीची तरतूद आहे. वर्ष उलटून गेलं असेल तर दंडाधिकाऱ्याचा आदेश लागतो. 2023 च्या दुरुस्तीनंतर हे काम जिल्हा किंवा उपविभागीय दंडाधिकारी, नाहीतर त्यांनी अधिकार दिलेला कार्यकारी दंडाधिकारी करतो. मात्र अर्ज मूल जिथे जन्मलं तिथे करावा लागतो. म्हणून मे महिन्यात कुटुंब गावी जाणार असेल तेव्हा हातात पत्र, शाळेचा बोनाफाइड आणि काय काय मागायचं त्याची कानडीत किंवा हिंदीत लिहिलेली यादी देऊन पाठवा. एक फेरी वाया गेली की ते कुटुंब पुन्हा मजुरी बुडवून जात नाही.

कागद येईपर्यंत मुलाला खेळवायचं कुठे? ज्या स्पर्धा तुम्हीच भरवता त्यांत. तिथे शाळेचा दाखला पुरे. आणि वय चोरू नका, कुणाच्या भल्यासाठीही नको. एकदा पकडलं गेलं की त्याच्यामागे येणाऱ्या प्रत्येक परप्रांतीय मुलाकडे संशयाने बघतात.

सरावात कोण कुठे उभा आहे

आता मैदानाच्या आत. बारा वर्षांखालच्यांना चार नंबरचा चेंडू, लहान मैदान, पाच-पाचचे किंवा सात-सातचे संघ. लहान संघात चेंडू सगळ्यांच्या पायाला लागतो आणि कुणाला लपून राहता येत नाही. संघ ओळखायला घालतात ते रंगीत बिब (बिनबाह्यांचे सदरे) वाटताना मुलांना आपसात संघ पाडायला सांगू नका. दोन कप्तान एकेक नाव घेत जातात तेव्हा शेवटी उरतो तो कोण, हे तुम्हाला वहीतल्या तिसऱ्या रकान्यावरून आधीच सांगता येईल. बिब प्रशिक्षकाने वाटावेत. कप्तानपद दर आठवड्याला फिरतं ठेवा.

जागा ठरवताना स्वतःच्या तोंडाकडे लक्ष ठेवा. ‘हा काळा आहे, ताकद असणार, पुढे खेळव.’ ‘मणिपुरी आहे, चपळ असतात, विंगला टाक.’ ‘गावड्याचं पोर, दमत नाही, धावू दे.’ बोलणाऱ्याला हे कौतुक वाटतं. पण यात डोकं वापरायची जागा, मधली फळी, कायम ‘आपल्या’ मुलांकडे राहते. वर्षभरात प्रत्येक मुलाला गोलकीपर धरून चार तरी जागांवर खेळवा आणि तसं लिहून ठेवा.

रक्तात खेळ शोधण्याचा एक मोठा प्रयोग आपल्या शेजारीच झाला. घाट चढून गेलं की यल्लापूर-हळियाळच्या जंगलात सिद्दी राहतात. पोर्तुगीजांनी आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या आणि गोव्यातून निसटलेल्या माणसांचे वंशज त्यांच्यात आहेत. 1987 मध्ये भारतीय क्रीडा प्राधिकरणाने त्यांच्यातल्या मुलामुलींना निवडून प्रशिक्षण केंद्रांत नेलं. विचार असा की आफ्रिकी वंशाची माणसं धावणारच. काहींनी खरोखर चमक दाखवली, कमला सिद्दी अडथळ्यांच्या शर्यतीत आंतरराष्ट्रीय पदकापर्यंत गेली. पण काही वर्षांतच योजना गुंडाळली आणि बरीच मुलं शेती-मजुरीवर परतली. गावात ना मैदान उभं राहिलं होतं, ना प्रशिक्षक तयार झाला होता. मुलं उचलून नेली, वस्ती तिथेच राहिली. आपल्या तालुक्यातही कुणी ‘आदिवासी प्रतिभा शोध’ घेऊन आलं तर पहिला प्रश्न हाच विचारा: आमच्या वाड्यावर काय राहणार? गावडा, कुणबी, वेळीप यांना 2003 मध्ये अनुसूचित जमातींचा दर्जा मिळाला, त्याबरोबर योजना आल्या. त्या योजनेतून एकच गोष्ट मागता येणार असेल तर वाड्यावरचाच एक तरुण प्रशिक्षक म्हणून तयार करून मागा. बूट-जर्सी नंतर.

शिवी पडली की

पडणारच. घाटी, भायलो (बाहेरचा), खापरी (काळ्या माणसासाठीची शिवी), चिंकी, काळ्या, आणि जातीवरून जे असेल ते. आधी ठरवलेलं नसेल तर त्या क्षणी सगळे एकमेकांकडे बघतात आणि रेफ्री खेळ चालू ठेवतो.

समजा तेरा वर्षांखालचा सामना आहे, चेंडू निसटला, आणि एकजण ओरडला, ‘ए घाटी, तुज्या गांवाक वच!’ (तुझ्या गावाला जा). पहिलं काम शिट्टी. चेंडू हातात घ्या, खेळ थांबला हे सगळ्यांना दिसू दे. दुसरं, ज्याला शिवी बसली त्याच्याकडे आधी जा. सवयीने आपण शिवी देणाऱ्यावर धावून जातो आणि ज्याला लागलं तो एकटा उभा राहतो. जवळ जाऊन हळू आवाजात विचारा, ‘मी ऐकलं. खेळतोस, की थोडा बसतोस?’ निर्णय त्याचा. तिसरं, शिवी देणारा बाहेर. घरी हाकलायचा नाही, तुमच्या शेजारी बाकावर. चौथं, खेळ सुरू. हे सगळं दोन मिनिटांत आटोपायला हवं. मैदानाच्या मध्यभागी भाषण देऊ नका.

सामन्यानंतर दोघांशी वेगवेगळं बोला. ‘चला, हात मिळवा, झालं गेलं विसरा’ हे तर करूच नका. त्यात सगळ्यात लवकर मोकळे होतात ते मोठे लोक. ज्याला शिवी बसली त्याला मात्र सगळ्यांसमोर हसून माफ करावं लागतं. संध्याकाळी दोन्ही घरी जाऊन काय घडलं ते सांगा, शिवी देणाऱ्याच्या घरी जरा जास्त वेळ बसा. ते वाक्य पोराने कुठे ऐकलं असेल याचा अंदाज तिथे पाच मिनिटांत येतो.

शिक्षा आधीच लिहून भिंतीला लावलेली असावी. मुलांसाठी पायऱ्या: पहिल्यांदा त्या सामन्यापुरतं बाहेर, दुसऱ्यांदा पालकांना बोलावणं आणि दोन आठवडे बाहेर, तिसऱ्यांदा समिती. मोठ्यांसाठी पायऱ्या नाहीत. प्रेक्षक असो, पालक असो, देणगीदार असो, त्या दिवशी मैदानाबाहेर. प्रशिक्षकच तसा निघाला तर त्याला मोकळं करा.

वरच्या पातळीवर हीच रीत आहे. फिफाच्या नियमात तीन टप्पे आहेत: सामना थांबवणं, काही काळ तहकूब करणं, आणि तरीही चालूच राहिलं तर सोडून देणं. 2024 पासून खेळाडूने मनगटं एकमेकांवर आडवी धरली की ती वंशद्वेषाची तक्रार समजायची, अशी खूणही ठरली आहे. ती मुलांना शिकवा. भाषा येत नसलेल्या मुलालाही ती करता येते. 2021 च्या जानेवारीत सिडनी कसोटीत मोहम्मद सिराजने काय केलं तेही सांगा. त्याने कप्तानाला सांगितलं, कप्तानाने पंचांना, खेळ थांबला आणि सहा प्रेक्षकांना बाहेर काढलं. तक्रार केली म्हणून कुणी त्याला रडका म्हटलं नाही.

टोपणनावांचंही बघा. ‘अहो, आम्ही त्याला प्रेमाने काळू म्हणतो’ हे वाक्य प्रत्येक क्लबात असतं. डॅरेन सॅमीला आयपीएलमध्ये याच नावाने हाक मारत आणि अर्थ माहीत नसल्याने तोही हसत होता. अर्थ कळल्यावर, 2020 मध्ये, त्याने जाहीरपणे नाराजी सांगितली. मूल हसतंय म्हणून त्याला चालतंय असं धरू नका.

जातीवरून सर्वांसमोर अपमान झाला आणि तो अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीचा असेल, तर 1989 च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली तो गुन्हा ठरू शकतो. अशा वेळी ‘गावातलं गावात मिटवू’ म्हणायचा अधिकार समितीला नाही. तक्रार करायची की नाही ते त्या कुटुंबाने ठरवायचं, आणि करायची म्हटलं तर साक्षीला आपण जायचं. 1098 हा मुलांच्या मदतीचा क्रमांक बुटांच्या पेटीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा.

बाहेरून आणलेला खेळाडू

गावच्या बक्षिसाच्या स्पर्धांत आफ्रिकी ‘गेस्ट प्लेयर’ आणायची हौस आता सगळीकडे पोचली आहे. सामना जिंकला की खांद्यावर, हरला की पैसे बुडव. आणणार असाल तर कागद आधी बघा. टूरिस्ट व्हिसावर पैसे घेऊन खेळता येत नाही, आणि परदेशी माणसाला खोली देणाऱ्याने त्याची माहिती 24 तासांत परदेशी नागरिक नोंदणी कार्यालयाला कळवायची असते. हे केलं नाही तर पोलिस येतात तेव्हा अडकतो तो खेळाडू, तुमचा अध्यक्ष नव्हे. मानधन लिहून द्या, सामन्याआधी अर्धं. राहायची सोय समितीने करायची, कारण त्याला एकट्याने खोली शोधायला लावलं तर काय ऐकावं लागतं हे आपल्याला चांगलं ठाऊक आहे.

प्रेक्षक आवरायची जबाबदारीही आयोजकांचीच. 2024 च्या मार्चमध्ये केरळात मलप्पुरम जिल्ह्यात सेव्हन्सच्या, म्हणजे सात-सातच्या फुटबॉलच्या, एका स्पर्धेत आयव्हरी कोस्टच्या खेळाडूला जमावाने पाठलाग करून मारलं. रंगावरून शिव्या दिल्याची तक्रार त्याने पोलिसांत केली. फुटबॉलवेडं म्हणून नावाजलेलं राज्य ते. दोरी बांधा, दोन्ही बाजूंना स्वयंसेवक उभे करा, दारू पिऊन आलेल्याला आत सोडू नका.

आणि खेळाडू गावात आहेच, तर एक दुपार मुलांबरोबर सरावाला बोलवा. भाषण नको, नुसता चेंडू.

मुली

यावर स्वतंत्र लेख लागेल, म्हणून थोडक्यात. 2022 मध्ये सतरा वर्षांखालच्या मुलींच्या विश्वचषकाचे सामने फातोर्ड्याला झाले, पण गावात आजही मुलीला मैदान मिळतं ते मुलांचं झाल्यावर, म्हणजे अंधारात. वेळ अदलून-बदलून घ्या. कडी लागेल असं शौचालय आणि कपडे बदलायला जागा करा. सरावाला कायम दोन मोठी माणसं, त्यात एक बाई. बारा वर्षांपर्यंत मुलं-मुली एकत्र खेळवा. धाकट्या भावाला कडेवर घेऊन आलेली मुलगी दिसली तर भावासाठी चटई टाका, तिला बिब द्या.

पैसे कुठे जातात

एका रात्रीच्या फ्लडलाइट स्पर्धेवर लाखांत खर्च करणाऱ्या गावात मुलांसाठी चार चेंडू नसतात. बक्षिसाच्या प्रत्येक स्पर्धेच्या जमा रकमेचा ठरावीक वाटा वर्षभराच्या सरावासाठी बाजूला काढायचा, असा ठराव सर्वसाधारण सभेत करून घ्या. देणगीदार मिळतो तो चषकाला, कारण त्यावर नाव कोरता येतं. बस भाड्याला आणि केळ्यांना मिळत नाही. म्हणून हिशेब फलकावर लावताना केळ्यांचा खर्चही लावा. औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यांकडे जरूर जा, त्यांच्याच कामगारांची मुलं तुमच्याकडे आहेत हे यादी दाखवून सांगा.

काय मोजायचं

पहिल्या दिवशी किती मुलं आली ते कुणीही मोजतं. तुम्ही चौथ्या महिन्यातली हजेरी बघा, आणि कोण गळलं त्याच्या घरी त्याच आठवड्यात जा. वर्षाअखेरीस सुरुवातीची वही काढा आणि तेच तीन रकाने पुन्हा भरा. चेंडू आणून देणारी पोरं अजून तीच असतील तर बाकी सगळं करूनही काहीतरी राहिलंय.

काही मुलं गळणार नाहीत, पण जातील. बांधकाम संपलं, कंत्राट संपलं, बाप दुसऱ्या तालुक्यात किंवा परत गावी. अशा प्रत्येकाला क्लबाच्या छापील कागदावर एक पत्र द्या: नाव, जन्मतारीख, किती हंगाम खेळला, कुठल्या कुठल्या जागांवर, आणि प्रशिक्षकाचा फोन. बरोबर कागदपत्रांच्या झेरॉक्स. जन्मतारीख वरच लिहा, पुढचा क्लब पहिल्यांदा तेच विचारतो.